एकच तारीख, दोन घटना : मराठवाड्याच्या दिनविशेषात काय काय लिहायचं?

वाचनालय_कळंब

मंडळी, नमस्कार.

आमच्या गावच्या वाचनालयाच्या दारात एक काळा फळा आहे. रोज सकाळी त्यावर दिनविशेष लिहायचं काम माझ्याकडं आहे. वर्तमानपत्रातली चौकट उतरवली की काम भागतं, पण त्या चौकटीत मराठवाडा क्वचितच सापडतो. शाळेत जाणारी पोरं थांबून फळा वाचतात. आपल्या तालुक्या-जिल्ह्याचं नाव कधीच दिसलं नाही तर इतिहास म्हणजे दुसरीकडं घडतो ती गोष्ट, असं त्यांच्या मनात बसतं. म्हणून मी स्वतःची वही करायला घेतलीय. नुसती यादी नकोय. एकाच तारखेला इथं एक घडलं, दुसरीकडं दुसरं घडलं, आणि दोन्ही शेजारी ठेवल्यावर काहीतरी जास्त कळलं, अशा जोड्या हव्यात.

सुरुवात १७ सप्टेंबरपासून करतो. १३ सप्टेंबर १९४८ ला, सोमवारी, भारतीय फौजा सोलापूरकडून निजामाच्या हद्दीत शिरल्या. पहिल्याच दिवशी नळदुर्ग हातात आलं, १५ ला औरंगाबाद. शुक्रवारी १७ तारखेला संध्याकाळी निजाम मीर उस्मान अली खाननं रेडिओवरून युद्धबंदी जाहीर केली. हे आपल्याकडं सगळ्यांना पाठ आहे.

आता दुसरी बाजू. त्याच दिवशी जेरुसलेममध्ये काउंट फोक बर्नाडोट या स्वीडिश मध्यस्थाला गोळ्या घालून मारलं. पॅलेस्टाइनचा तंटा मिटवायला संयुक्त राष्ट्रसंघानं त्याला पाठवलं होतं. आणि आदल्याच दिवशी, १६ तारखेला, पॅरिसमध्ये सुरक्षा परिषदेपुढं हैदराबादचा विषय आला होता, कारण निजाम सरकारनं भारताविरुद्ध तिथं तक्रार नेली होती. म्हणजे एकाच आठवड्यात एकाच परिषदेच्या टेबलावर आपला प्रश्न होता आणि जेरुसलेमचाही. आपला चार-पाच दिवसांत निकाली निघाला, तिकडचा अजून पेटलेला आहे. नळदुर्गच्या पुलावरून रणगाडे जात होते तेव्हा जगाच्या नजरेत आपण कुठं होतो, हे मला या जोडीमुळं पहिल्यांदा नीट समजलं.

तुमच्याकडच्या जोड्या सांगा.

उमरीकर

दादा, फार चांगला विषय काढलात. माझ्याकडची जोडी तारीख आणि साल दोन्ही एकच असलेली आहे. ३० जानेवारी १९४८.

नांदेड जिल्ह्यातल्या आमच्या उमरीला निजामाच्या स्टेट बँकेची शाखा होती. सरहद्दीपलीकडच्या कॅम्पातून आलेल्या मुक्तिसंग्रामाच्या सैनिकांनी त्या दिवशी बँकेवर हल्ला केला आणि लाखांची रक्कम लढ्यासाठी नेली. कॅम्प चालवायचे म्हणजे शेकडो पोरांना खायला घालायचं, कपडे, हत्यारं. हे पैशाशिवाय कसं होणार? आणि त्याच संध्याकाळी दिल्लीत बिर्ला भवनात गांधीजींचा खून झाला.

मुक्तिसंग्राम चालवणाऱ्या हैदराबाद स्टेट काँग्रेसचे नेते गांधीजींना मानणारे. स्वामी रामानंद तीर्थ स्वतः सत्याग्रह करून तुरुंगात गेलेले. पण रझाकारांपुढं, म्हणजे निजामाच्या बाजूच्या हत्यारबंद टोळ्यांपुढं, नुसता सत्याग्रह पुरत नाही म्हणून सरहद्दीवर हातात बंदूक घ्यावी लागली. बँक घेऊन परतलेल्या माणसांच्या कानावर गांधीजी गेल्याची बातमी आली तेव्हा त्यांना काय वाटलं असेल, याचा विचार मी दर वर्षी करतो. ३० जानेवारीला अकरा वाजता भोंगा होतो, सगळे दोन मिनिटं उभे राहतात. आमच्या गावात त्या दोन मिनिटांत दोन्ही आठवणी यायला हव्यात असं मला वाटतं. तुमच्या फळ्यावर ही जोडी नक्की लिहा.

बालाघाटी

उमरीची गोष्ट वाचून अंगावर काटा आला.

कळंबकर, एक शंका. शरणागती तर १८ ला झाली ना? निजामाच्या फौजेच्या जनरल अल इद्रूसनं भारतीय फौजेच्या मेजर जनरल चौधरींपुढं रीतसर शरणागती पत्करली ती १८ तारखेला. मग आपण १७ च का धरतो?

वाचनालय_कळंब

बरोबर आहे, रीतसर शरणागती १८ चीच. पण लोकांच्या दृष्टीनं जुलूम संपला तो निजामानं रेडिओवर तोंड उघडलं त्या क्षणी. निजामाचा पंतप्रधान लायक अलीचं मंत्रिमंडळ त्याच दिवशी पायउतार झालं, स्वामीजी त्याच दिवशी तुरुंगातून बाहेर आले. फौजेच्या दप्तरात १८ तारीख मोठी, गावच्या चावडीवर १७. मला चावडीची तारीख जास्त खरी वाटते.

अजून एक. १५ ऑगस्ट १९४७ ला शुक्रवार होता आणि १७ सप्टेंबर १९४८ लाही शुक्रवारच. मधल्या तेरा महिन्यांत देश स्वतंत्र होता आणि आपण नव्हतो. तिरंगा लावला म्हणून आपल्याकडं लोक जेलात गेले. हे पोरांना सांगितलं की ती चकित होऊन बघतात.

नागसेनवन

१४ जानेवारी. माझ्यासाठी या तारखेचा अर्थ एकच होता, १४ जानेवारी १९९४, मराठवाडा विद्यापीठाचा नामविस्तार, म्हणजे त्याच्या नावात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव आलं तो दिवस. विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी नामांतराचा ठराव केला २७ जुलै १९७८ ला. त्यानंतर मराठवाड्यात काय झालं ते इथल्या वडीलधाऱ्यांना सांगायला नको. वस्त्या जळाल्या, माणसं गेली. या लढ्यात जीव गेलेले पोचिराम कांबळे, गौतम वाघमारे ही नावं आमच्या घरात देवासारखी घेतली जातात. ठरावापासून अंमलापर्यंत सोळा वर्षं जावी लागली. आजही १४ जानेवारीला विद्यापीठाच्या गेटवर जा. पहाटेपासून लोक येतात, म्हाताऱ्या बाया लेकरांना कडेवर घेऊन कमानीला हात लावतात आणि तोच हात स्वतःच्या कपाळाला लावतात. जिला कधी शाळेची पायरी चढायला मिळाली नाही ती बाई विद्यापीठाच्या दगडाला हात लावते. मला दर वर्षी तिथं उभं राहवत नाही.

आणि १४ जानेवारी १७६१ म्हणजे पानिपत. या दोन घटना मी कधी एकत्र ठेवल्या नव्हत्या. तुमचा धागा वाचून ठेवून बघितल्या. पानिपतात एका दिवसात एक पिढी गारद झाली. १९९४ ला एका पिढीच्या हाल-अपेष्टांना त्या दिवशी फळ आलं.

परतूरकर

नागसेनवन ताई/दादा, फार मनापासून लिहिलंत.

पानिपतचा मराठवाड्याशी सरळ संबंध आहे, तो लोक विसरतात. ३ फेब्रुवारी १७६० ला उदगीरला सदाशिवरावभाऊंनी निजामाला हरवलं. त्या तहात दौलताबादचा किल्ला मिळाला. तिथून मुक्काम आला आमच्या परतूरला, आणि मार्च महिन्यात भाऊ इथूनच उत्तरेकडं निघाले. पानिपतची वाट जालना जिल्ह्यातून सुरू होते. उदगीरच्या विजयाचा आनंद जेमतेम ओसरत होता, अन् अकरा महिन्यांनी संक्रांतीच्या दिवशी सगळं संपलं. ‘संक्रांत कोसळली’ म्हणतात ते उगाच नाही.

तिथीवार

परतूरकर साहेब, उदगीर-परतूरची माहिती एकदम पक्की. फक्त संक्रांतीचं थोडं सविस्तर सांगतो. मी गणित शिकवायचो आणि पंचांग हा माझा जुना नाद आहे.

पानिपतची लढाई झाली पौष शुद्ध अष्टमीला, बुधवारी. पण त्या साली संक्रांत १४ जानेवारीला नव्हती, तीन-चार दिवस आधीच होऊन गेली होती. आपली संक्रांत नक्षत्रांच्या हिशेबानं धरतात आणि इंग्रजी वर्ष ऋतूंच्या हिशेबानं चालतं. दोन्हींत वर्षाला वीस मिनिटांचा फरक. म्हणजे साधारण बहात्तर वर्षांत एक दिवस पुढं सरकतो. स्वामी विवेकानंदांचा जन्म १२ जानेवारी १८६३ चा आणि तो दिवस मकरसंक्रांतीचा होता, हे सगळ्यांना ठाऊक आहे. १८६३ ला बाराला, मग त्याच्या शंभर वर्षं आधी दहाच्या आसपास. आता संक्रांत काही वर्षी १५ ला येते, ते याच सरकण्यामुळं.

म्हणजे १७६१ आणि १९९४ या दोन्ही १४ जानेवारी खऱ्याच. पण पानिपतला तिळगूळ जोडायचा नाही. फळ्यावर लिहिताना एवढी काळजी घ्या, कारण पोरं फळ्यावरचं खरं धरतात.

मांजराकाठ

मास्तर, लई भारी समजावलंत. आमच्या शाळेत असं कुणी सांगितलंच नाही बगा.

गोदातीर

पैठणहून. तुम्ही सगळे इंग्रजी तारखांवर बोलायलात, पण एका दिवशी अनेक घटना येण्याचं मराठवाड्यातलं सगळ्यात मोठं उदाहरण तिथीचं आहे. फाल्गुन वद्य षष्ठी. संत एकनाथांची नाथषष्ठी.

आमच्याकडं परंपरेनं असं मानतात की या एका तिथीला पाच गोष्टी घडल्या. जनार्दनस्वामींचा जन्म, त्यांना दत्तात्रेयांचा अनुग्रह, नाथांची आणि जनार्दनस्वामींची देवगिरीवर झालेली भेट, जनार्दनस्वामींची समाधी, आणि शके १५२१ ला नाथांनी गोदावरीत घेतलेली जलसमाधी. गुरूचा जन्म आणि शिष्याचा शेवट एकाच तिथीला.

कुणी म्हणेल, पाचही एकाच दिवशी कशा येतील? मी याकडं असं बघतो. वारकऱ्याला गुरू आणि शिष्य वेगळे ठेवायचेच नाहीत. नाथांनी आपल्या अभंगांत स्वतःचं नाव एकट्यानं क्वचितच घेतलंय. ‘एका जनार्दनी’ म्हणतात, गुरूला सोबत घेऊनच. ज्यांनी नावं वेगळी केली नाहीत त्यांच्या तिथी लोक तरी कशाला वेगळ्या करतील? षष्ठीला दिंड्या येतात तेव्हा वाळवंटात पाय ठेवायला जागा नसते. अष्टमीला काल्याची हंडी फुटली की मगच घरोघरचे पाहुणे परतीची पिशवी भरतात.

फळ्यावर तारखेबरोबर तिथीही लिहा, ही विनंती.

वाचनालय_कळंब

गोदातीर, तिथीसाठी फळ्यावर आजपासून वेगळी ओळ करतोय.

सास्तूरचा

बरेच दिवस वाचतोय, पहिल्यांदाच लिहितोय.

३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. किल्लारी-सास्तूरचा भूकंप. आदल्या दिवशी अनंत चतुर्दशी होती. मी लहान होतो. गणपती बुडवून माणसं रात्री उशिरा घरी आली, गुलाल तसाच, आणि झोपली. घरं माळवदाची. दोन-दोन हात जाड दगड-मातीच्या भिंती, वर लाकडं आणि त्यावर मातीचा थर. उन्हाळ्यात गार राहतात म्हणून तीच माती दर वर्षी वाढवायची. त्या रात्री तीच अंगावर आली. लातूर आणि तेव्हाचा उस्मानाबाद जिल्हा मिळून बावन्न गावं पूर्ण मोडली. गेलेली माणसं हजारोंनी मोजावी लागली.

दिनविशेषाच्या चौकटीत ३० सप्टेंबरला म्युनिच करार, १९३८ असं असतं. मोठी घटना आहे, ठीक आहे. पण आमच्याकडं माणसं ती तारीख धरत नाहीत. सरकारी श्रद्धांजली ३० सप्टेंबरला होते, जुन्या किल्लारीत लोक जमतात. घरात मात्र आई अनंत चतुर्दशीलाच गप्प होते, मग ती सप्टेंबरच्या कोणत्याही तारखेला येवो. गुलाल बघितला की तिला पुढचं दिसतं. म्हणून गोदातीर काका म्हणतात ते मला पटतं. काही दिवस तिथीनंच आठवतात.

तिथीवार

सास्तूरकर, तुम्ही लिहिलंत हे फार बरं केलंत.

तुमची पोस्ट वाचून मी जुनी पंचांगं काढून बसलो. एक गोष्ट समोर आली ती इथं सांगतो. १७ सप्टेंबर १९४८, ज्या दिवशी निजामानं माघार घेतली, त्या दिवशीही तिथी होती भाद्रपद शुद्ध चतुर्दशी. अनंत चतुर्दशीच. ताळा करून बघायचा असेल तर त्या साली १ नोव्हेंबरला अमावास्या होती आणि त्या दिवशी खग्रास सूर्यग्रहणही झालं. ती आश्विन अमावास्या, म्हणजे दिवाळीची. तिथून मागं मोजत गेलं की भाद्रपदी पौर्णिमा १८ सप्टेंबरला येते आणि चतुर्दशी १७ ला.

मराठवाड्याच्या विसाव्या शतकातले दोन दिवस असे की ज्यांनी लाखो घरांचं आयुष्य बदललं. एक सुटकेचा, एक आकांताचा. इंग्रजी कॅलेंडरात एक १७ ला आणि एक ३० ला, काहीच नातं दिसत नाही. पंचांगात एक अनंत चतुर्दशीचा आणि दुसरा तिची रात्र उलटतानाचा. यामागं दैवी संकेत वगैरे मी अजिबात मानत नाही. भूकंप जमिनीखालच्या ताणामुळं होतो, तिथी बघून होत नाही. पण गणपतीच्या रात्री माणसं उशिरा येऊन गाढ झोपलेली होती, हे मात्र तिथीमुळंच.

बालाघाटी

मास्तर, हे मला माहीत नव्हतं. १९४८ ला गणपतीची मिरवणूक आणि मुक्तीची मिरवणूक एकाच संध्याकाळी निघाली असेल का कुठं? कुणाच्या घरात अशी आठवण सांगणारं माणूस असेल तर विचारून लिहा. ती पिढी आता नव्वदीच्या पुढं गेलीय. उद्यावर टाकू नका.

मांजराकाठ

माझ्याकडून एक साधी जोडी. १ मे. महाराष्ट्र दिन १९६०, जालना जिल्हा १९८१, हिंगोली जिल्हा १९९९, सगळे १ मे.

वाचनालय_कळंब

मांजराकाठ भाऊ, या जोड्या वेगळ्या रकान्यात टाकाव्या लागतील. त्या जुळल्या नाहीत, जुळवल्या. सरकारनं शुभ दिवस म्हणून १ मे निवडला. नांदेडचं स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठही असंच, स्थापना १७ सप्टेंबर १९९४. तारीख मुद्दाम धरलेली. अशा निवडीतूनही कळतं की त्या वेळच्या लोकांना कोणता दिवस मोठा वाटत होता.

आपोआप जुळलेली जोडी हवी तर १ मे १९६० लाच सोव्हिएत रशियानं अमेरिकेचं यू-२ हेरगिरी विमान पाडलं. मुंबईत नव्या राज्याचा सोहळा चालू होता आणि तिकडं दोन महासत्तांचं वैर चिघळलं. याचा आपल्याशी संबंध नाही. ठळक अक्षरात लिहिणार नाही, कोपऱ्यात लिहीन.

खर्डा_रोड

आष्टीकडचा आहे. खर्डा आमच्यापासून जवळ. ११ मार्च १७९५, खर्ड्याची लढाई, मराठ्यांनी निजामाला चारीमुंड्या चीत केलं. आणि ११ मार्च १६८९ ला छत्रपती संभाजी महाराजांचं बलिदान. एकाच तारखेला सगळ्यात मोठं दुःख आणि निजामावरचा मोठा विजय. ही जोडी घ्या.

तिथीवार

खर्डा_रोड, दोन्ही तारखा पुस्तकांत अशाच आहेत, पण त्या एका कॅलेंडरातल्या नाहीत. आणि मराठ्यांच्या इतिहासात ही अडचण पावलोपावली येते, म्हणून जरा नीट लिहितो.

इंग्रज १७५२ पर्यंत जुनं, ज्युलियन कॅलेंडर वापरत होते. त्या वर्षी त्यांनी २ सप्टेंबरनंतर थेट १४ सप्टेंबर धरला आणि नव्या, ग्रेगोरियन कॅलेंडरात आले. शिवकाळातल्या ज्या तारखा आपण पाठ करतो त्या बहुतेक जुन्या पद्धतीच्या. पडताळा वारानं करता येतो. जेधे शकावली या जुन्या नोंदींच्या यादीत शिवाजी महाराजांचा जन्म फाल्गुन वद्य तृतीया, शुक्रवार असा आहे. १९ फेब्रुवारी १६३० ला शुक्रवार येतो तो जुन्या पद्धतीनंच. नव्यानं मोजलं तर त्या तारखेला मंगळवार पडतो, आणि खरा शुक्रवार १ मार्चला. राज्याभिषेक ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शनिवार. ६ जून १६७४ जुन्यानं शनिवार, नव्यानं तोच दिवस १६ जून.

त्यामुळं संभाजी महाराजांचं बलिदान फाल्गुन अमावास्येला, जुन्यानं ११ मार्च, नव्यानं २१ मार्च. खर्डा १७९५ चं, म्हणजे नव्या पद्धतीचं ११ मार्च. दोन दिवसांत खरं अंतर दहा दिवसांचं आहे. दोन्ही घटना लिहा, पण ‘याच दिवशी’ म्हणून एका ओळीत बांधू नका.

आपल्या खुलताबादला औरंगजेबाची कबर आहे. त्याच्या मृत्यूची तारीख एका पुस्तकात २० फेब्रुवारी १७०७ आणि दुसऱ्यात ३ मार्च १७०७ दिसते. वाचणाऱ्याला वाटतं कुणीतरी चुकलंय. दोन्ही बरोबर आहेत. १७०० नंतर फरक अकरा दिवसांचा झाला होता, एवढंच.

खर्डा_रोड

मग साहेब, माझ्या मनात आलं ते असं. संभाजी महाराजांची पुण्यतिथी गावाकडं फाल्गुन अमावास्येलाच पाळतात, महिनाभर बलिदान मास पाळून. तिथी धरली तर जुनं-नवं कॅलेंडर हा घोळच राहत नाही. म्हातारी माणसं तिथीला का चिकटून राहतात ते आज कळलं. खर्ड्याचं मी वेगळं लिहून देतो, रणटेकडीची माहिती गोळा केलेली आहे.

नांदेडी_भाऊ

तिथीवार सर, मग आमच्या नांदेडचं पण सांगा की. गुरू गोविंदसिंघजींचं ज्योतीज्योत समावणं, म्हणजे देहावसान, ७ ऑक्टोबर १७०८ असं सगळीकडं छापतात. सचखंड साहिब गुरुद्वाऱ्यात मात्र कार्तिकातला कार्यक्रम दिवाळीनंतर असतो. २००८ ला गुरु-ता-गद्दीची, म्हणजे ग्रंथसाहिबला गुरुपद दिल्याची, तीनशे वर्षं झाली तो सोहळा तर ऑक्टोबर-नोव्हेंबरात झाला होता, अख्खं शहर पंजाबनं भरून गेलं होतं. कळंबकर दादांनी फळ्यावर कोणती तारीख लिहायची?

तिथीवार

७ ऑक्टोबर ही जुन्या पद्धतीची. १७०८ आहे, तेव्हा अकरा दिवस मिळवा, १८ ऑक्टोबर येते. तिथी कार्तिक शुद्ध पंचमी, म्हणजे दिवाळीनंतरच. गुरुद्वारा तिथीनं चालतो तेच मूळ घटनेला धरून आहे. कळंबकर, तुम्ही कार्तिक शुद्ध पंचमीच्या सकाळी लिहा, आणि खाली बारीक अक्षरात ‘७ ऑक्टोबर १७०८, जुनी पद्धत’ एवढं टाका. १७५२ च्या आधीच्या प्रत्येक नोंदीसमोर ‘जुनी’ किंवा ‘नवी’ लिहायची सवय ठेवा. तुमच्या वहीची पानं इथं टाकलीत तर वार मी तपासून देतो. ऑक्टोबरपासून सुरू करू, तो महिना जवळ आलाय.

वाचनालय_कळंब

सर, ऑक्टोबरची पानं आज रात्री टाकतो. उमरीकर, ३० जानेवारीचं जरा विस्तारानं लिहून द्या, बँकेची इमारत आज कुठं आहे तेही. नागसेनवन, गेटवर पहाटेपासून येणाऱ्या बायांबद्दल तुम्ही लिहिलंत ते परवानगी दिलीत तर जसंच्या तसं फळ्यावर उतरवतो.

नागसेनवन

खुशाल लिहा. वर पानिपतही लिहा, परतूरसकट.